पाळणा पडद्यावर, भोवळ घरात

जर्मनीतील जत्रांमध्ये अजस्र यांत्रिक पाळणे ट्रकमधून येतात, काही दिवस फिरतात आणि सुटे करून पुढच्या गावी नेले जातात. हे पाळणे चालवण्याची हौस घरबसल्या भागवणारे व्हिडिओ गेमही तिथे तयार होतात. पिक्सेलस्प्लिट या जर्मन कंपनीची ‘व्हर्च्युअल राइड्स’ ही त्यांतलीच एक मालिका. खेळणारा चालकाच्या जागी असतो. सुरक्षेचे दांडे बंद करतो, वेग वाढवतो, दिवे लावतो. कॅमेरा बदलून पाळण्यातल्या प्रवाशाच्या नजरेनेही पाहता येते. इथेच काहींचे डोके गरगरू लागते.

खुर्चीत स्वस्थ बसलेल्याला मळमळ का व्हावी? आपल्या प्रत्येक आतल्या कानात तीन अर्धवर्तुळाकार नलिका असतात. डोके वळले की त्यांतला द्रव हलतो आणि मेंदूला वळण कळते. पडद्यावर जग गरगर फिरते तेव्हा डोळे सांगतात ‘फिरतो आहोत’, कान सांगतो ‘जागेवरच आहोत’. या विसंवादातून मळमळ, घाम, डोकेदुखी सुरू होते, असे मानले जाते.

घाटात एसटीतल्या प्रवाशांना उलट्या होतात. चालकाला सहसा होत नाहीत. पुढचे वळण त्याला आधीच दिसते, चाकही त्याच्याच हातात असते. त्यामुळे मेंदू तयारीत राहतो. गेममध्येही तसेच. नियंत्रण हातात असलेल्याला त्रास कमी होतो, शेजारी बसून नुसते पाहणाऱ्याला अधिक होऊ शकतो. म्हणून मुलगा मजेत खेळत असताना आजीला भोवळ आली, तर ते ढोंग समजू नये.

उपाय साधे आहेत. चालकाच्या स्थिर नजरेचा कॅमेरा निवडावा, खोलीत उजेड ठेवावा, पडद्यापासून लांब बसावे. अर्धशिशी असणाऱ्यांनी विशेष जपावे. मळमळ सुरू होताच खेळ थांबवावा. ‘सवय होईल’ म्हणून रेटू नये. डोके पूर्ण हलके होईपर्यंत दुचाकी चालवू नये. लुकलुकणाऱ्या दिव्यांनी काहींना फीट येऊ शकते. अशा रुग्णांनी आधी डॉक्टरांना विचारावे.

मात्र प्रत्येक भोवळीचे खापर गेमवर फोडू नये. अचानक चक्कर येऊन बोलणे अडखळले, चेहरा वाकडा झाला, एका बाजूचा हात-पाय लुळा पडला किंवा एकाच्या दोन वस्तू दिसू लागल्या, तर तो पक्षाघात असू शकतो. तेव्हा आराम करत वाट पाहू नये. लगेच १०८ ला फोन करावा.