खजिन्यातील कारकून आणि रूपविकारी तारे

ज्योतिर्विज्ञानाइतके हौशी माणसाच्या ऋणात असलेले दुसरे शास्त्र क्वचितच सापडेल. रसायनशास्त्राला प्रयोगशाळा लागते, वैद्यकाला रुग्णालय लागते, आणि दोन्ही ठिकाणी आगंतुकाला दरवाजाशीच हटकले जाते. आकाश मात्र कोणाच्याच मालकीचे नाही, आणि ते इतके विस्तीर्ण आहे की पगारी ज्योतिर्विद सगळेच्या सगळे रात्रभर जागे राहिले तरी त्याचा बहुतेक भाग पहाऱ्यावाचूनच राहतो. हा पहारा ज्यांनी आपखुशीने केला त्यांत अविभक्त बंगालमधील जेसोर येथे सरकारी खजिन्यात नोकरी करणारे राधागोविंद चंद्र यांचे नाव फार वरच्या जागी घ्यावे लागेल. आणि ते आपल्याकडे इतके अपरिचित राहिले याचे कारण, मला वाटते, त्यांच्या कामाच्या स्वरूपातच आहे. त्यांनी कोणताही सिद्धांत मांडला नाही, कोणताही ग्रह शोधला नाही. त्यांनी नोंदी केल्या.

जेसोरजवळच्या बागचर गावी १६ जुलै १८७८ रोजी त्यांचा जन्म झाला. शाळेत असताना अक्षयकुमार दत्त यांच्या ‘चारुपाठ’ या क्रमिक पुस्तकातील, ब्रह्मांडाच्या विराटपणाविषयीचा एक निबंध त्यांच्या वाचनात आला, आणि मुलाचे चित्त जे आकाशाकडे गेले ते क्रमिक अभ्यासाकडे परत वळले नाही असेच म्हणावे लागते. कारण पुन्हा पुन्हा बसूनही प्रवेशपरीक्षेचा उंबरठा त्यांना ओलांडता आला नाही. तेव्हा त्या दाखल्यावाचून जी नोकरी मिळेल ती पत्करणे भाग होते, आणि ती जिल्ह्याच्या कलेक्टर कचेरीतील खजिन्यात, दरमहा १५ रुपये पगारावर मिळाली. आकाशाचे शिक्षण त्यांना मिळाले ते कचेरीच्याच आवारातले म्हणावे लागेल. जेसोरच्या वकीलमंडळींत कालीनाथ मुखर्जी नावाचे एक विद्वान गृहस्थ होते. ताऱ्यांचे नकाशे सिद्ध करण्याच्या उद्योगात ते गढलेले असत, आणि त्यांच्या सहवासात राधागोविंदबाबूंना आकाश तारा न् तारा ओळखता येऊ लागले.

१९१० साली हॅलीचा धूमकेतू आला. एका साध्या द्विनेत्री दुर्बिणीतून त्यांनी त्याचे निरीक्षण केले व त्याविषयी बंगाली नियतकालिकांत लिहिले. शांतिनिकेतनात विज्ञान शिकविणारे जगदानंद राय यांनी त्यांना खरी दुर्बीण घेण्याची सूचना केली, आणि १९१२ साली तीन इंच व्यासाच्या भिंगाची एक दुर्बीण इंग्लंडहून जेसोरला येऊन पोहोचली. योगायोग असा, की त्याच वर्षी पुण्यास सायन्स कॉलेजातील महाराजा तख्तसिंहजी वेधशाळा प्रा. कावसजी नेगामवाला यांच्या सेवानिवृत्तीबरोबर बंद झाली, आणि वीस इंच व्यासाच्या आरशाची तिची दुर्बीण, जी हिंदुस्थानातील त्या काळची सर्वांत मोठी दुर्बीण होती, ती कोडाईकनालला रवाना करण्यात आली. सरकारी आश्रयाखालची एवढी थोर सामग्री एका माणसाच्या निवृत्तीने निराधार व्हावी आणि खजिन्यातील एका कारकुनाने पदरचे पैसे घालून तीन इंची दुर्बीण आणावी, या दोन घटनांचे साल एक आहे एवढे सांगून पुढे जावे हे बरे.

१९१८ च्या जून महिन्यात गरुड तारकासमूहात, श्रवणाच्या पश्चिमेस, पूर्वी जेथे नुसत्या डोळ्याला काहीच दिसत नव्हते तेथे एक तेजस्वी तारा अकस्मात प्रकट झाला, आणि थोड्याच दिवसांत व्याध व अगस्त्य हे दोन वगळता रात्रीचा कोणताही तारा त्याच्यापुढे फिका वाटावा इतका तो वाढला. विसाव्या शतकात दिसलेल्या नवताऱ्यांत हा सर्वांत प्रखर. महायुद्ध चालू होते, टपालाची दैना होती; तरी त्या ताऱ्याचे अगदी आरंभीचे वेध घेणाऱ्या थोड्या मंडळींत राधागोविंदबाबू होते, आणि त्यांनी आपल्या नोंदी अमेरिकेतील हार्वर्ड वेधशाळेस कळविल्या. तेथील संचालक एडवर्ड पिकरिंग हे वृद्ध, विख्यात आणि कामात बुडालेले गृहस्थ होते. पुढच्या वर्षीच्या आरंभी त्यांचा अंत झाला. त्यांनी या अनोळखी पत्रलेखकास उत्तर दिले, आणि रूपविकारी ताऱ्यांचे वेध घेणाऱ्यांच्या अमेरिकन संस्थेत सामील होण्यास सुचविले. ही संस्था १९११ साली विल्यम टायलर ओल्कॉट यांनी स्थापन केली होती. हेही वकीलच, वकिली आणि आकाश यांचे काय नाते आहे कोण जाणे.

ज्यांचे तेज स्थिर नसून कमीजास्त होते असे तारे ते रूपविकारी. तिमिंगल समूहातील मीरा हा त्यांतला सर्वांत प्रसिद्ध. सुमारे ३३२ दिवसांच्या आवर्तनात तो कधी नुसत्या डोळ्यांनी सहज दिसतो, तर कधी दुर्बिणीवाचून सापडतच नाही. हंसातील एक मंद तारा साधारण दीड-दोन महिन्यांनी एकाएकी उफाळतो आणि पुन्हा निवतो. अशा ताऱ्याचा वेध घेण्याची रीत ऐकायला सोपी आहे. त्याच्या आसपास ज्यांची प्रत, म्हणजे तेजाचे माप, ठाऊक आहे असे स्थिर तारे निवडावे; प्रतीचा आकडा जितका मोठा तितका तारा मंद. आपला तारा ८.२ प्रतीच्या ताऱ्याहून किंचित मंद आणि ८.८ प्रतीच्या ताऱ्याहून तितकाच तेजस्वी भासला, तर त्या रात्री, त्या वेळी, ८.५ असे लिहावे. प्रत एका दशांशापर्यंत अजमावायची असते, आणि येथेच माणसाची परीक्षा होते. असे अनेक तारे तांबूस असतात, आणि तांबड्या ताऱ्याकडे टक लावून पाहिले तर तो आहे त्याहून अधिक तेजस्वी भासू लागतो. म्हणून नजर ओझरती टाकावी. मागच्या वेळी काय लिहिले होते हे पाहू नये, कारण मन डोळ्याला फितवते. तारा आता वाढत असला पाहिजे असे वाटत असले तरी वाटते ते लिहावयाचे नाही, दिसते ते लिहावयाचे. दिवसभर सरकारी खजिन्यातील नाणी पारखून घेणाऱ्या माणसाला रात्री हेच काम निराळ्या द्रव्यावर करावे लागत होते, आणि त्या सवयीचा त्याला उपयोग झाला नसेल असे मला वाटत नाही.

जेसोरच्या नोंदींना महत्त्व येण्याचे आणखी एक कारण भूगोलाचे होते. हार्वर्ड ज्या रेखांशावर आहे त्याच्या जवळजवळ उलट्या बाजूस बंगाल येतो. तेव्हा अमेरिकेत दिवस उजाडून तिकडच्या निरीक्षकांचे डोळे बंद झाले, की त्याच ताऱ्यावर बंगालमधून नजर ठेवता येत असे. काही तासांत भडकणाऱ्या ताऱ्याच्या तेजाचा आलेख काढताना मधला खंड भरून निघणे ही किती मोलाची गोष्ट आहे, हे वेगळे सांगावयास नको. उणीव होती ती दुर्बिणीची. तीन इंचांच्या भिंगातून हे तारे त्यांच्या मंदतम अवस्थेत दिसतच नाहीत. अर्थात आलेखाचा खालचा भाग कोराच राहतो. १९२६ साली ही अडचण दूर झाली. न्यूयॉर्कचे चार्ल्स एल्मर, जे न्यायालयातील कामकाज लघुलिपीत उतरवून घेण्याचा व्यवसाय करीत आणि पुढे दृक्‌यंत्रे बनविणाऱ्या एका नामांकित कंपनीचे भागीदार झाले, त्यांची सहा इंची दुर्बीण संस्थेमार्फत जेसोरला पाठविण्यात आली. ती देणगी नव्हती, वापरण्यासाठी दिलेली ठेव होती. एका देशातील कचेरीत बसणाऱ्याने दुसऱ्या देशातील कचेरीत बसणाऱ्याला, तोंडओळखही नसताना, समुद्रापलीकडे दुर्बीण पाठवावी, यात त्या मंडळींचा एकमेकांवरील विश्वास दिसतो. दोन वर्षांनी, १९२८ मध्ये, फ्रान्सच्या सरकारने त्यांना ‘ऑफिसिए द’अकादेमी’ ही पदवी दिली. प्रवेशपरीक्षेत नापास झालेल्या मनुष्यास मिळालेली ही एकमेव विद्यापदवी.

१९१९ पासून १९५४ पर्यंत त्यांनी अमेरिकन संस्थेकडे धाडलेल्या वेधांची संख्या ३७,२१५ भरते. वर्षाला सरासरी हजारावर! आणि बंगालमध्ये पावसाळ्याचे महिने तर आकाश झाकलेलेच असते. यातला कोणताही एक आकडा घेतला तर त्याची किंमत फारशी नाही, हे कबूल केले पाहिजे; त्यांचे गुणगान करणारे लेखक त्यांना संशोधक ठरविण्याच्या भरात ही गोष्ट झाकतात, आणि गरीब कारकुनाच्या दारिद्र्याचे वर्णन करून वाचकाचे डोळे ओले करू पाहतात, तेही मला रुचत नाही. आकड्यांचे मोल पिढ्यांच्या हिशेबात आहे. वासुकी समूहातील आर हायड्री या ताऱ्याचे आवर्तन अठराव्या शतकात सुमारे ५०० दिवसांचे होते, ते विसाव्या शतकाच्या मध्यास ३९० च्या आसपास आले. हे कोणा एकाच्या आयुष्यात कळण्याजोगे नाही, त्याला अखंड चालू राहिलेले दप्तर लागते. तसेच नवताऱ्यांचे. श्वेतबटू जातीच्या लहान व अतिघन ताऱ्यावर सोबतच्या ताऱ्यातील द्रव्य साचत जाऊन स्फोट होतो, ही उपपत्ती १९५० नंतरच आकारास आली. म्हणजे राधागोविंदबाबूंनी ज्यांची तेजे लिहिली ते तारे काय आहेत हे लिहिणाऱ्याला ठाऊक नव्हते, आणि लिहून ठेवण्यास ते ठाऊक असण्याची गरजही नव्हती.

फाळणीत जेसोर पूर्व पाकिस्तानात गेले. पुढे राधागोविंदबाबू पश्चिम बंगालमध्ये बारासात येथे येऊन राहिले, आणि ३ एप्रिल १९७५ रोजी, वयाच्या ९६ व्या वर्षी तेथेच वारले. एल्मर यांची दुर्बीण त्याआधीच वेणू बाप्पू यांच्या हाती गेली होती. भारतातील आधुनिक वेधशाळांच्या उभारणीत अग्रभागी असलेल्या या ज्योतिर्विदाने विद्यार्थिदशेत हैदराबादेस हौसेने रूपविकारी ताऱ्यांचेच वेध घेतले होते, त्यामुळे ठेव योग्य ठिकाणी गेली असे म्हणता येईल. पुढे ती तमिळनाडूतील कावलूरच्या वेधशाळेत पोहोचली.