भाषेचा कारखाना, मु. पो. हॉस्टेल, कात्रज

एक साधा प्रश्न. माणसाने बनवलेलं पहिलं दगडी हत्यार शोधायचं असेल तर जमीन खणता येते. पण पहिलं वाक्य कुठे शोधणार? बोललेला शब्द मातीत पुरला जात नाही. लिखाण जेमतेम ५,००० वर्षांचं, आणि आपल्यासारख्या माणसांची हाडं मोरोक्कोत सापडली ती सुमारे ३ लाख वर्षांपूर्वीची. मधल्या काळात कोण काय बोललं, देव जाणे! यावर विद्वानांनी इतक्या पुड्या सोडल्या, की १८६६ साली पॅरिसच्या भाषाशास्त्र मंडळाने 'भाषेचा उगम' या विषयावरचे निबंध स्वीकारणंच बंद केलं.

पण भाषा म्हणजे नक्की काय, हे आपल्याला इंजिनिअरिंगच्या भाषेत सोपं पडेल. थोडे सुटे पार्ट आणि जोडणीचे नियम. क, म आणि ल घ्या. 'कमल' होतं, 'कलम' होतं. आवाज तेच, जोडणी बदलली की अर्थ बदलला. मराठीत असे पार्ट पन्नासच्या आसपास, पण त्यातून होणाऱ्या वाक्यांना अंत नाही. मधमाशी नाचून फुलं कुठे आहेत ते सांगते, पण 'कालची फुलं जास्त बरी होती' हे तिला सांगता येत नाही. आपण मात्र कालच्या, उद्याच्या आणि कधीच न झालेल्या गोष्टींवर रात्रभर बोलतो. (सबमिशनच्या आदल्या रात्री तर नक्कीच!)

आता हे नियम येतात कुठून? शास्त्रज्ञांना एकदा ते डोळ्यांसमोर तयार होताना बघायला मिळाले. देश निकाराग्वा. तिथली बहिरी मुलं आपापल्या घरात एकटी असायची, घरच्यांपुरत्या खाणाखुणा करायची. १९७७ मध्ये राजधानी मानाग्वात त्यांच्यासाठी शाळा निघाली, १९८० मध्ये मोठ्या मुलांचीही सोय झाली आणि शेकडो मुलं एकत्र आली. शिक्षक ओठ वाचायला आणि स्पॅनिश बोलायला शिकवत होते, त्यात फारसं यश येत नव्हतं. पण बसमध्ये आणि मैदानावर मुलांनी आपापल्या खुणा एकमेकांत मिसळून टाकल्या. त्यातून जी खुणांची भाषा उभी राहिली ती कोणत्याही शिक्षकाने शिकवलेली नव्हती. गंमत पुढेच आहे. 'गडगडत खाली गेला' हे आधीची मुलं हाताच्या एकाच हालचालीत दाखवायची. नंतर आलेल्या लहान मुलांनी त्याचे दोन तुकडे केले. 'गडगडणं' वेगळं, 'खाली' वेगळं. म्हणजे सुटे पार्ट आले, जोडणी आली. भाषा आली!

यावरून मला एक गोष्ट पटते. मेंदूत भाषेची तयारी जन्मतःच असेलही, पण समोर उत्तर देणारा माणूस नसेल तर ती तयारी वाया जाते. भाषेला गर्दी लागते.

तुम्ही म्हणाल, निकाराग्वा कुठे आणि आपण कुठे. ठीक आहे, आपल्या सातारा रोडनेच जाऊ. कात्रजचा घाट ओलांडून सातारा, कराड करत सांगली गाठली, की जवळच कुपवाड आहे. जॉन गम्पर्झ आणि रॉबर्ट विल्सन या दोन अभ्यासकांनी १९७१ मध्ये या गावावर लिहिलं आणि कुपवाड जगभरच्या भाषाशास्त्राच्या पुस्तकांत जाऊन बसलं. त्या वेळी गावात जैन शेतकरी घरी कन्नड बोलायचे, मुसलमान उर्दू, दलित मराठी आणि दोर वळणारे तेलुगू. पण बाजार एक, बांध एक. शेकडो वर्षं एकमेकांशी बोलून या भाषांचं व्याकरण इतकं जवळ आलं, की बरीचशी वाक्यं शब्दाला शब्द लावून एकीतून दुसरीत नेता येत होती. शब्द ज्याचे त्याचे, सांगाडा सगळ्यांचा. कन्नडमध्ये माणसं सोडून बाकी सगळं नपुंसकलिंगी. कुपवाडच्या मराठीनेही ते उचललं आणि तिथे नदी 'आली' नाही, नदी 'आलं'!

आपल्याला हसू येतं ना? मग जरा आपल्या प्रमाण मराठीची झडती घेऊ. 'आम्ही तळ्यावर चाललोय' आणि 'आपण तळ्यावर चाललोय' यात केवढा फरक! पहिल्यात तुम्हाला बोलावलेलं नाही, दुसऱ्यात चप्पल घालून निघायचंय. इंग्रजीच्या 'वुई'मध्ये ही सोय नाही, हिंदीच्या 'हम'मध्ये नाही. तेलुगू-तमिळमध्ये मात्र आहे, आणि मराठीत ती द्राविडी शेजारामुळे आली असं बरेच अभ्यासक मानतात. 'अण्णा' आणि 'अक्का' तिकडचेच. वडापावातला 'बटाटा' आणि 'पाव' पोर्तुगिजांकडून आले, रेक्टर घेतात ती 'हजेरी' अरबीतून. शिवाजी महाराजांनी राज्यकारभारातल्या फारसी-अरबी शब्दांना संस्कृत पर्याय देणारा राज्यव्यवहारकोश करून घेतला. त्यातले काही पर्याय रुजले, पण 'अर्ज' आजही अर्जच आहे.

मी कॉन्व्हेंटमध्ये शिकले. आमच्यासारख्यांना नेहमी ऐकवलं जातं, 'तुमची मराठी म्हणजे इंग्रजीची भेसळ.' पण नीट ऐका. 'फाईल' इंग्रजी, तरी आपण 'फायली' म्हणतो. लॅपटॉप 'तो', बस 'ती', पेन 'ते'. हे ठरवायला कोणी कमिटी बसवली होती का? 'लेक्चर बंक मारलं' मधला 'मारलं' अस्सल मराठीच. पार्ट बाहेरचा, असेंब्ली आपली.

हेच नागपूरच्या पोरांचं. 'काय करून राहिला बे?' यावर मेस हसते. पण हिंदीच्या 'कर रहा है' चा साचा घेऊन त्यात मराठी माल ओतलेला आहे. कुपवाडात जे झालं तेच विदर्भात झालं. ते अशुद्ध नाही, ते शेजाराचं व्याकरण आहे. 'पानी' आणि 'व्हतं' म्हणणाऱ्याचंही तसंच. त्याच्या गावात ते नियमाने बोललं जातं. पुस्तकातली प्रमाण भाषा आपल्याला लागतेच. पेपर, अर्ज, हा लेखसुद्धा त्याशिवाय व्हायचा नाही. पण ती अनेक मराठींपैकी एक आहे, बाकीच्यांची सासू नव्हे.

हे सांगायचं कारण असं. दरवर्षी फर्स्ट इयरला काही मुलं-मुली येतात, पहिल्या आठवड्यात मोकळं बोलतात. मग कोणीतरी त्यांच्या 'आनि'ची नक्कल करतं, सगळे हसतात, आणि ती गप्प होतात. व्हायव्हात येत असलेलं उत्तरसुद्धा तोंडातून निघत नाही. तिकडे कॉन्व्हेंटवाले 'माझं मराठी वीक आहे' म्हणत इंग्रजीत शिरतात. दोघांचंही नुकसान आणि मराठीचंही. ३ ऑक्टोबर २०२४ ला मराठीला अभिजात दर्जा मिळाला, आनंदच आहे. पण दर्जा दिल्लीहून मिळतो, बोलणारे मात्र मेसमधून आणि टपरीवरूनच मिळायचे.

तेव्हा समोरचा 'करून राहिला' म्हणाला, तर तो काय करून राहिलाय ते आधी विचारा. आणि बाहेर जाताना 'आम्ही' म्हणू नका. 'आपण' म्हणा. तेवढ्यासाठी तर हा शब्द भाषेत आहे!