हेडसेटच्या माइकमधली खरखर: आधी कान लावा, मग सॉफ्टवेअर

या भागाची ही लिखित आवृत्ती. बोलताना पटापट सांगून गेलो ते इथं जरा नीट मांडलंय, म्हणजे समोर ठेवून एकेक पायरी करून बघता येईल.

प्रश्न ब्रह्मपुरीकडच्या एका श्रोत्याचा. कॉलेजात शिकतो, गेमिंग हेडसेट घेतला, आणि गेममध्ये मित्र म्हणतात, "अबे, तुझ्या घरी पिठाची गिरणी चालू आहे काय?" इथपर्यंत हसण्यासारखं आहे. पण पुढं त्यानं लिहिलं होतं की, त्याचे आजोबा तरुणपणी दंडारीत काम करायचे. त्यांना अजून गाणी पाठ आहेत, आवाज मात्र आता बारीक झालाय. याच हेडसेटवर त्यांचं रेकॉर्डिंग करायचंय, आणि केलेल्या दोन फायलींमध्ये आजोबांपेक्षा खरखरच जास्त आहे.

गेममधली खरखर उद्याही काढता येते. आजोबांचं गाणं उद्या तसंच म्हटलं जाईल याची खात्री नाही. म्हणून हा भाग.

माइकलाच त्रास का, कानाला का नाही?

बऱ्याच जणांना वाटतं, ऐकायला आवाज स्वच्छ येतोय म्हणजे हेडसेट चांगला, मग माइकच खराब असणार. तसं नसतं. कानात जो सिग्नल येतो तो चांगला ताकदीचा असतो. माइकमधून निघणारा सिग्नल मात्र काही मिलिव्होल्टचा. हेडसेटमध्ये बहुतेक वेळा इलेक्ट्रेट प्रकारचा माइक असतो. गेरहार्ड सेसलर आणि जेम्स वेस्ट यांनी तो १९६२ मध्ये बेल लॅब्समध्ये तयार केला. स्वस्त, टिकाऊ, छोटा. पण त्याचा आवाज लॅपटॉपला वाढवून घ्यावा लागतो. सेटिंगमध्ये 'मायक्रोफोन बूस्ट' दिसतं ना, तेच ते. २० डीबी बूस्ट म्हणजे १० पट, ३० डीबी म्हणजे जवळजवळ ३२ पट. वायरीत शिरलेला कचराही तितक्याच पटीनं वाढतो.

म्हणजे प्रश्न हा की कचरा शिरतो कुठून. आणि त्याचं उत्तर त्या आवाजातच असतं. डोळे मिटून ऐका.

चार आवाज, चार कारणं

पहिला, जाड 'घूंऽऽ'. ट्रान्सफॉर्मरजवळ उभं राहिल्यावर येतो तसा. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे हा आवाज ५० किंवा १०० हर्ट्झवर बसतो. हे वीजजोडणीचं, म्हणजे अर्थिंगचं किंवा चार्जरचं दुखणं. इन्व्हर्टर साधा, चौकोनी वेव्हवाला असेल तर लाइट गेल्यावर हाच आवाज जास्त करकरीत होतो.

दुसरा, सारखा 'स्सऽऽ'. बूस्ट जास्त ठेवलाय, किंवा माइक तोंडापासून लांब आहे.

तिसरा, 'टर्र-टर्र-टर्र', मध्येच येतो आणि जातो. हा तुमचा फोन. टूजीवर फोन सेकंदाला सुमारे २१७ वेळा तुकड्या-तुकड्यांनी सिग्नल सोडतो आणि माइकची वायर अँटेनासारखी तो पकडते. टॉवर लांब असेल तर फोन जोर वाढवतो, ९०० मेगाहर्ट्झवर २ वॅटपर्यंत. भामरागड, एटापल्ली, सिरोंचा भागातल्या ज्या गावांत एकच दांडी दिसते, तिथं हा आवाज पुण्यापेक्षा जास्त ऐकू येतो, त्याचं कारण हे. उपाय फुकट आहे: फोन फ्लाइट मोडवर टाका, किंवा दुसऱ्या खोलीत ठेवा.

चौथा, 'कडकड, फट्'. वायर हलवली की येतो. जॅकवर मळ किंवा ओल बसलीय, नाहीतर वायर आतून तुटत आलीय. पावसाळ्यानंतर हे फार होतं. जॅक आयसोप्रोपिल अल्कोहोल लावलेल्या कापडानं पुसा, दहा-पंधरा वेळा आत-बाहेर करा. तरी राहिलं तर वायर गेली समजा.

तीन रेकॉर्डिंगची परीक्षा

आता काहीही विकत घेण्याआधी एवढं करा. प्रत्येकी ३० सेकंद, न बोलता, फक्त शांतता रेकॉर्ड करायची.

एक: नेहमीसारखं, चार्जर लावून, पंखा-कूलर सगळं चालू.
दोन: चार्जर काढून, लॅपटॉप बॅटरीवर. बाकी सगळं तसंच.
तीन: बॅटरीवरच, पण कूलर, पंखा, ट्यूबलाइट बंद आणि फोन फ्लाइट मोडवर.

दुसऱ्यात 'घूं' गायब झाला तर माइक निर्दोष आहे, गुन्हेगार चार्जर आणि अर्थिंग. तिसऱ्यात गेला तर कूलर किंवा फोन. तिन्हीत तसाच राहिला तर हेडसेट मोबाइलला लावून बघा. मोबाइलवर आवाज स्वच्छ आला तर दोष लॅपटॉपच्या साउंड कार्डात. तिथंही खरखर असेल तर मात्र हेडसेटच.

एक बारीक गोष्ट. डेस्कटॉपला हिरवा आणि गुलाबी असे दोन जॅक असतात, हेडसेटला चार पट्ट्यांची एकच पिन. ती सरळ एका भोकात खुपसली तर माइक चालत नाही, किंवा नुसती गुणगुण येते. त्याला एकातून दोन करणारी वाय केबल लागते.

आमच्या श्रोत्यानं परीक्षा केली. दुसऱ्याच रेकॉर्डिंगमध्ये गिरणी बंद.

तिसऱ्या भोकाची गोष्ट

चंद्रपूरच्या महाऔष्णिक केंद्राची क्षमता २९२० मेगावॅट. अख्ख्या राज्याला वीज देणारा आपला जिल्हा. आणि आपल्याच कित्येक घरांत बोर्डाचं ते वरचं मोठं भोक नुसतं शोभेचं असतं. आत वायरच नसते. किंवा वायर असते, पण जमिनीत पुरलेली पट्टी कधीच गंजून गेलेली.

मग होतं काय? लॅपटॉपच्या चार्जरमध्ये आतला गोंगाट अर्थिंगकडे वळवायला छोटे कपॅसिटर असतात. अर्थिंग नसलं की त्या गोंगाटाला जायला जागा नाही. तो लॅपटॉपच्या ग्राउंडवर, म्हणजे तुमच्या माइकच्याच वायरीवर येऊन बसतो. लॅपटॉपच्या धातूच्या भागावर हलकेच बोट फिरवलं की झिणझिण लागते ना, तेच हे. आणि हात टेकवल्यावर 'घूं' कमी होत असेल तर निदान पक्कं.

इथं दोन गोष्टी कृपा करून करू नका. एक, तीन पिनेच्या प्लगची मोठी पिन तोडू नका आणि टू-पिनचं कन्व्हर्टर लावू नका. कधीकधी त्यानं आवाज कमी होतो, पण तुमचं संरक्षणही त्याच पिनेतून जातं. दोन, कोणी बोर्डाच्या आत न्यूट्रलवरून अर्थिंगला लूप मारून देतो म्हणाला तर सरळ नाही म्हणा. न्यूट्रल कुठं तुटलं तर फ्रीज, कूलर, लॅपटॉप, सगळ्यांच्या अंगावर करंट येतो.

खरा उपाय म्हणजे जाणकार वायरमनकडून अर्थिंग तपासून घेणं. मीटर लावून फेज-अर्थ व्होल्टेज फेज-न्यूट्रलच्या आसपास येतं का हे तो पाहील. मीठ-कोळशाचा जुना खड्डा असेल तर आपल्या उन्हाळ्यात माती इतकी कोरडी पडते की अर्थिंग असून नसल्यासारखं होतं. खड्ड्यात पाणी घालत राहायचं, घरातले जुने लोक घालायचे ते उगाच नाही.

हे होईपर्यंत? रेकॉर्डिंग बॅटरीवर करा. लॅपटॉप आधी पूर्ण चार्ज, मग चार्जर भिंतीतून काढा. कूलर आणि लॅपटॉप एकाच एक्स्टेन्शन बोर्डावर कधीच नको. मे महिन्यात कूलर बंद ठेवणं कठीण, मला माहीत आहे. पहाटे पाचला करा. तेव्हा माणूसही ताजा असतो. आणि दोष लॅपटॉपच्या साउंड कार्डात निघाला असेल तर छोटं यूएसबी साउंड कार्ड घ्या, काही शे रुपयांत मिळतं. पण अर्थिंगचा 'घूं' त्यानं जाईलच असं नाही, कारण यूएसबीचं ग्राउंडही तेच.

सॉफ्टवेअर शेवटी का?

मी सॉफ्टवेअरवाला माणूस, तरी सांगतो. आवाज साफ करणारी नवी साधनं हुशार आहेत. आरएनएनॉइझसारखं साधन १०-१० मिलिसेकंदांचे तुकडे बघून कुठल्या पट्ट्यात बोलणं आहे आणि कुठल्यात गोंगाट, ते ठरवतं. मीटिंगसाठी उत्तम. पण 'स', 'ख', 'थ' यांचा श्वास आणि खरखरीचा 'स्सऽऽ' वरच्या पट्टीत शेजारी-शेजारी राहतात. म्हाताऱ्या माणसाचा बारीक आवाज, ओळीच्या शेवटी विरत जाणारा सूर, मागची टाळी, हे सगळं त्याला गोंगाट वाटू शकतं. मिटिंगच्या बोलण्यावर शिकलेल्या साधनाला दंडारीचं गाणं म्हणजे काय हे माहीत नसतं. झाडीबोलीत 'डोळा'चा 'डोरा' होतो. तो 'रा' नीट ऐकू येणं हेच तर या रेकॉर्डिंगचं मोल आहे.

म्हणून क्रम असा ठेवा. बूस्ट ० किंवा १० डीबीवर, माइक ओठांच्या कोपऱ्यापासून दोन बोटं बाजूला, म्हणजे श्वासाचा फटका बसत नाही. फाइल ४८००० हर्ट्झ, वेव्ह स्वरूपात. सुरुवातीला १० सेकंद सगळे गप्प. ही शांतता फार कामाची. ऑडॅसिटीत तीच 'नॉइज प्रोफाइल' म्हणून दाखवायची आणि फक्त ६ डीबीच्या आसपास साफ करायचं. साफ केलेली फाइल वेगळी जपा, मूळ फाइलला हात लावू नका. दहा वर्षांनी साधनं आणखी सुधारलेली असतील, तेव्हा मूळच लागेल.

आणि ३० सेकंदांचा नमुना आधी कानाला लावून ऐका. दीड तास बोलून झाल्यावर आजोबांना "पुन्हा म्हणा" म्हणायची वेळ येऊ देऊ नका.

तुमच्याकडचा आवाज या चारांपैकी कुठल्यात बसत नसेल तर शांततेची ३० सेकंदांची फाइल पाठवा, चार्जर लावून एक आणि काढून एक. पुढच्या भागात ऐकून बघू.