श्रवणातून उलगडलेला प्राचीन काळ : विदर्भातील डायनोसॉर आणि प्रौढांचे शिक्षण

गेल्या साडेतीन दशकांत डायनोसॉरांविषयीचे ज्ञान मुळापासून बदलले, आणि त्याच काळात ते ज्ञान शाळा-महाविद्यालय मागे पडलेल्या माणसापर्यंत पोहोचण्याची वाटही बदलली. पूर्वी ही वाट पाठ्यपुस्तक, वर्तमानपत्रातील विज्ञानसदर आणि चित्रपट यांतून जात असे. आता ती मोठ्या प्रमाणात श्रवणातून जाते, कारण आकाशवाणीचे कार्यक्रम, ध्वनिमुद्रित पुस्तके आणि पॉडकास्ट, म्हणजे इंटरनेटवरून भागाभागांनी मिळणारे व सवडीने ऐकता येणारे ध्वनिकार्यक्रम, ही तिन्ही साधने एकाच मोबाइलवर येऊन मिळाली आहेत. या बदलाचा मागोवा वाशीम जिल्ह्यातील मालेगाव तालुक्यात, अकोला–वाशीम मार्गावर वसलेल्या मेडशीला केंद्रस्थानी ठेवून घेणे उद्बोधक ठरते, कारण डायनोसॉरांच्या अखेरच्या काळाशी ज्या खडकाचा संबंध जगभर चर्चिला जातो, त्याच खडकावर हे गाव उभे आहे.

मेडशीच्या परिसरातील जमीन बेसाल्टची, म्हणजे तप्त लाव्हा थिजून झालेल्या काळ्या कठीण खडकाची आहे, आणि तूर, कापूस, सोयाबीन पिकवणारी तिथली काळी माती याच खडकाच्या झिजेतून तयार झाली आहे. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी भूपृष्ठाला पडलेल्या भेगांतून लाव्ह्याचे लोट एकावर एक पसरत गेले आणि त्यांतून दख्खनचे लाव्हा-पठार बनले. झीज होऊनही आज ते सुमारे ५ लाख चौरस किलोमीटरवर पसरलेले असून पश्चिम घाटात त्याची जाडी २ किलोमीटरच्या आसपास भरते. ज्या जमिनीवर डायनोसॉर वावरत होते ती जमीन या लाव्ह्याखाली गाडली गेली. म्हणून वाशीमसारख्या जिल्ह्यात नांगराच्या फाळाला डायनोसॉरचे हाड लागण्याची आशा धरता येत नाही. ती हाडे लाव्ह्याच्या पठाराच्या कडेला, जिथे खालचे गाळाचे थर उघडे पडले आहेत तिथे, किंवा दोन लोटांच्या मधल्या काळात साचलेल्या गाळात सापडतात. पायाखालच्या खडकाचा इतिहास डोळ्यांना थेट दिसत नसेल तर तो कुणीतरी समजावून सांगावा लागतो, आणि म्हणूनच अशा गावांसाठी श्राव्य माध्यमाला विशेष महत्त्व येते.

आज मध्यमवयात असलेल्या मराठी पिढीच्या मनातील डायनोसॉर प्रामुख्याने चित्रपटातून आला. ‘जुरासिक पार्क’ १९९३ मध्ये प्रदर्शित झाला, पुढच्या वर्षी तो हिंदीत भाषांतरित होऊन भारतभर पोहोचला, आणि त्याने डायनोसॉर हा शब्द खेड्यापाड्यांतही रुजवला. परंतु त्याबरोबर काही चुकीच्या समजुतीही रुजल्या. डायनोसॉरांचा काळ ज्या मध्यजीव महाकल्पात मोडतो त्याचे ट्रायासिक, जुरासिक आणि क्रिटेशियस असे तीन कालखंड पडतात, आणि चित्रपटात सर्वाधिक लक्षात राहणारे टायरॅनोसॉरस व व्हेलॉसिरॅप्टर हे दोन्ही प्राणी जुरासिक नव्हे तर क्रिटेशियस काळातले आहेत. चित्रपट आल्यानंतर तीनच वर्षांनी, १९९६ मध्ये, चीनच्या लिआओनिंग प्रांतातील सायनोसॉरॉप्टेरिक्स या लहान डायनोसॉरच्या अंगावर पिसांसारखे तंतू असल्याचे जाहीर झाले. २००७ मध्ये खुद्द व्हेलॉसिरॅप्टरच्या पुढच्या पायाच्या हाडावर पिसे रुजण्याचे उंचवटे आढळले, आणि पक्षी हे डायनोसॉरांच्याच वंशाची जिवंत शाखा आहेत हे मत पक्के झाले. अंगणातली कोंबडी आणि माळावरचा मोर हे डायनोसॉरांचे वंशज आहेत ही गोष्ट या पिढीच्या पाठ्यपुस्तकांत नव्हती. ती प्रौढपणीच शिकावी लागली.

ऐकून शिकणे विदर्भाच्या खेड्याला नवे नाही. चातुर्मासात पोथी लावली जाते, एकजण ओवी वाचतो, दुसरा तिचा अर्थ उलगडतो, आणि ज्याला अक्षरओळख नाही असा श्रोताही वर्षानुवर्षे ऐकून कथेचे बारकावे सांगू शकतो. १९४८ मध्ये नागपूर येथे आकाशवाणीचे केंद्र सुरू झाल्यावर या श्रवणाला शेती, हवामान आणि आरोग्य या विषयांची जोड मिळाली. प्राचीन जीवसृष्टीच्या दृष्टीने या वाटचालीतला मोठा टप्पा १९९० च्या दशकाच्या आरंभी आला. विज्ञानप्रसारासाठी १९८२ मध्ये स्थापन झालेल्या राष्ट्रीय विज्ञान व तंत्रज्ञान संचार परिषदेने आकाशवाणीच्या साहाय्याने ‘मानव का विकास’ ही दीर्घ नभोवाणी-मालिका तयार केली आणि ती अठरा भारतीय भाषांतून प्रसारित झाली. तिचा मुख्य विषय मानवाची उत्क्रांती हा असला, तरी उत्क्रांतीसारखा गुंतागुंतीचा विषय निव्वळ आवाजाच्या आधारे सर्वसामान्य श्रोत्यांपर्यंत नेता येतो, हे तिने सिद्ध केले. नभोवाणीला मात्र एक मर्यादा होती : कार्यक्रमाची वेळ ठरलेली असे, आणि हुकलेला किंवा न समजलेला भाग पुन्हा ऐकण्याची सोय नव्हती. एकदा ऐकून ध्यानात न राहणारी नावे आणि कोटींतले वर्षांचे आकडे ज्या विषयात पदोपदी येतात, त्याला ही मर्यादा फार जाचक होती.

ती मर्यादा २०१६ नंतर दूर झाली. त्या वर्षी जिओची सेवा सुरू झाल्यानंतर मोबाइलवरील इंटरनेट स्वस्त झाले, आणि २०१७ मध्ये स्टोरीटेल ही स्वीडिश कंपनी भारतात येऊन मराठी पुस्तकेही ध्वनिरूपात देऊ लागली. याच सुमारास इंग्रजीत डायनोसॉरविषयक श्राव्य साहित्याला बहर आला होता. एडिंबरा विद्यापीठातील जीवाश्मशास्त्रज्ञ स्टीव्ह ब्रुसाटे यांचे डायनोसॉरांच्या उदयास्तावरील पुस्तक २०१८ मध्ये निघाले आणि ते ध्वनिपुस्तक म्हणूनही उपलब्ध झाले. पुराजीवशास्त्रज्ञ डेव्हिड होन यांचा सहभाग असलेली ‘टेरिबल लिझर्ड्स’ ही पॉडकास्ट-मालिकाही आली. भारतीय श्रोत्याच्या दृष्टीने सर्वांत जवळचा प्रयत्न म्हणजे पत्रकार अनुपमा चंद्रशेखरन यांची ‘देसी स्टोन्स अँड बोन्स’ ही मालिका होय, कारण तिने भारतातील जीवाश्म, म्हणजे खडकात जतन झालेले प्राचीन जीवांचे अवशेष, आणि ते शोधणारी माणसे यांनाच आपला विषय केले. ही सर्व सामग्री इंग्रजीत असल्यामुळे तिचा लाभ इंग्रजी ऐकून समजणाऱ्यांपुरताच राहिला, आणि ही गोष्ट या मागोव्यात ठळकपणे नोंदवावी लागते.

श्रवणाची खरी ताकद प्राण्यांच्या वर्णनापेक्षा शोधाची प्रक्रिया सांगण्यात आहे. चित्र प्राणी कसा दिसत असेल ते दाखवते. तो तसाच होता हे कशावरून ठरले, हे मात्र क्रमाक्रमाने सांगावेच लागते. विदर्भातच अशा शोधांची मोठी परंपरा आहे, आणि ती एखाद्या श्राव्यमालिकेला पुरून उरेल इतकी समृद्ध आहे. नागपुरातील स्कॉटिश मिशनरी स्टीफन हिस्लॉप, ज्यांच्या नावाने तिथले हिस्लॉप महाविद्यालय ओळखले जाते, यांनी एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास आपले सहकारी रॉबर्ट हंटर यांच्यासह नागपूर परिसराच्या भूरचनेचा अभ्यास केला, आणि आजच्या चंद्रपूर जिल्ह्यातील वरोऱ्याजवळच्या पिजदुरा या गावातून, ज्याला वैज्ञानिक साहित्यात पिसदुरा म्हणतात, जीवाश्म गोळा केले. तिथला गाळाचा खडक ‘लॅमेटा’ या नावाने ओळखला जातो. डायनोसॉरांच्या अखेरच्या काळात तो साचला आणि पुढे लाव्ह्याने झाकला गेला. त्याच जिल्ह्यातील डोंगरगाव येथे १९८० च्या दशकात भारतीय सांख्यिकी संस्थेच्या शास्त्रज्ञांनी एका प्रचंड शाकाहारी डायनोसॉरचा सांगाडा खणून काढला. सोहन जैन आणि शाश्वती बंद्योपाध्याय यांनी १९९७ मध्ये त्याचे वर्णन प्रसिद्ध केले, आणि २००३ मध्ये त्याला ‘आयसिसॉरस’ हे स्वतंत्र नाव मिळाले, ज्यात त्या संस्थेच्या इंग्रजी नावाची आद्याक्षरे गुंफलेली आहेत.

त्याच संस्थेच्या अभ्यासकांनी याआधी प्राणहिता–गोदावरीच्या खोऱ्यात, म्हणजे गडचिरोलीच्या सिरोंचा भागाला लागून असलेल्या प्रदेशात, कितीतरी जुना असा जुरासिक काळातील डायनोसॉर शोधला होता. किमान सहा प्राण्यांची मिळून सुमारे ३०० हाडे सापडली, कवटी मात्र मिळाली नाही. १९७५ मध्ये त्याचे ‘बारापासॉरस टागोराय’ असे नामकरण झाले, ज्यात त्याच्या मोठ्या पायाचा आणि रवींद्रनाथ टागोरांच्या जन्मशताब्दीचा उल्लेख एकत्र आला आहे. त्याचा उभा केलेला सांगाडा कोलकात्याच्या भूशास्त्र संग्रहालयात आहे.

शेतकरी श्रोत्याला सर्वांत जवळचा वाटेल असा शोध मात्र पिजदुऱ्याच्या अश्मीभूत विष्ठेतून लागला. प्राण्याची विष्ठा खनिजांनी भरून दगड बनली तर तिला कॉप्रोलाइट म्हणतात, आणि वनस्पतींच्या पेशींत साठणाऱ्या सूक्ष्म सिलिकाकणांना फायटोलिथ म्हणतात. हे कण वनस्पती कुजल्यावरही टिकतात आणि त्यांच्या आकारावरून वनस्पतीचा गट ओळखता येतो. लखनौच्या बीरबल साहनी संस्थेतील वंदना प्रसाद, तसेच कॅरोलिन स्ट्रॉमबर्ग, हबीब अलीमोहम्मदियान आणि अशोक साहनी यांनी २००५ मध्ये ‘सायन्स’ या नियतकालिकात दाखवून दिले की पिजदुऱ्याच्या कॉप्रोलाइटांत गवताचे फायटोलिथ आहेत. डायनोसॉरांच्या काळात गवत फारसे नव्हतेच, हा तोवरचा समज त्यामुळे मागे पडला, आणि पुढे २०११ मध्ये याच सामग्रीत भाताच्या कुळाशी नाते सांगणारे अवशेषही ओळखले गेले. भात, ज्वारी आणि गहू ही सारी गवतेच आहेत. त्यांच्या पूर्वजांचा इतका जुना पुरावा विदर्भाच्या मातीतून मिळाला, ही गोष्ट या प्रदेशातल्या प्रत्येक शेतकऱ्याला त्याच्या भाषेत ऐकायला मिळायला हवी.

नागपूरशी दीर्घकाळ संबंधित राहिलेले भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचे धनंजय मोहबे यांचे काम तर श्राव्य कथनासाठीच योजल्यासारखे आहे. त्यांनी १९८० च्या दशकात गुजरातमधील ढोली डुंगरी येथून डायनोसॉरच्या अंड्यांचे घरटे मिळवले आणि त्यातली लहान हाडे पिल्लाची असावीत असे प्रारंभी मानले गेले. पुढे अमेरिकी अभ्यासक जेफ्री विल्सन यांनी त्या खडकात सापाचे मणके ओळखले, आणि २०१० मध्ये ‘सानाजेह इंडिकस’ या सुमारे साडेतीन मीटर लांब सापाचे वर्णन प्रसिद्ध झाले, जो अंड्यांभोवती वेटोळे घालून नुकत्याच बाहेर पडलेल्या पिल्लाच्या शेजारीच गाडला गेला होता. विज्ञान स्वतःचे निष्कर्ष कसे तपासते आणि कसे सुधारते, हे प्रौढ श्रोत्याला समजावून देण्यासाठी याहून चांगले उदाहरण शोधूनही सापडणार नाही.

मेडशीच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचा विषय डायनोसॉरांच्या विनाशाचा आहे. लुईस आणि वॉल्टर अल्वारेझ या पितापुत्रांनी आपल्या सहकाऱ्यांसह १९८० मध्ये, पृथ्वीवर दुर्मीळ पण लघुग्रहांत अधिक आढळणाऱ्या इरिडियम या धातूचे प्रमाण त्या काळच्या मातीच्या पातळ थरात वाढलेले दाखवून, मोठ्या लघुग्रहाच्या आघाताची कल्पना मांडली. १९९१ मध्ये मेक्सिकोतील सुमारे १८० किलोमीटर व्यासाचे चिक्सुलुब हे विवर त्या आघाताची खूण म्हणून पुढे आले. दुसरीकडे गेर्टा केलर यांच्यासारख्या अभ्यासकांनी दख्खनच्या लाव्ह्याबरोबर बाहेर पडलेल्या वायूंनी हवामान बिघडवले आणि विनाशाला हातभार लावला, असे आग्रहाने मांडले. २०१९ मध्ये दख्खनच्या खडकांचे अधिक अचूक कालमापन प्रसिद्ध झाले, तेव्हा उद्रेकांचा मोठा भाग आघाताच्या आधी की नंतर, याबाबत दोन अभ्यासगटांचे निष्कर्ष वेगळे आले. आज बहुतेक शास्त्रज्ञ आघाताला मुख्य कारण मानतात, तरी दख्खनच्या लाव्ह्याचा वाटा किती, याची चर्चा संपलेली नाही.

याच ठिकाणी शेजारच्या बुलढाणा जिल्ह्यातील लोणारविषयीचा एक गैरसमज दूर होणे आवश्यक आहे. लोणारचे विवरही आघातातूनच झाले, पण त्याचा व्यास सुमारे १.८ किलोमीटर, म्हणजे चिक्सुलुबच्या शंभराव्या हिश्शाइतका आहे, आणि ते थिजलेल्या बेसाल्टमध्ये, डायनोसॉर नष्ट झाल्यानंतर कोट्यवधी वर्षांनी पडलेले आहे. म्हणून डायनोसॉरांच्या अंताशी त्याचा संबंध जोडता येत नाही. लाव्हा आणि आघात या दोन्ही शक्तींच्या खुणा इतक्या जवळ असलेला प्रदेश जगात क्वचितच आढळतो, आणि हे भाग्य ओळखण्यासाठी लागणारे ज्ञान तिथल्या रहिवाशांकडे असणे हा त्यांचा हक्क आहे.

श्राव्य माध्यमाच्या उणिवा लपवण्यासारख्या नाहीत. प्राण्याचा आकार, थरांची रचना आणि खंडांचे सरकणे ऐकून पुरते डोळ्यांपुढे येत नाही, ग्रीक-लॅटिन धाटणीची नावे एका ऐकण्यात मनात ठसत नाहीत, आणि जुने ध्वनिमुद्रण नव्या संशोधनाने कालबाह्य झाले तरी तसेच फिरत राहते. त्यामुळे ऐकलेल्याला नकाशाची, संग्रहालयाची आणि शक्य तेव्हा प्रत्यक्ष खडकाची जोड द्यावी लागते. असे असले तरी या साडेतीन दशकांचा निर्वाळा स्पष्ट आहे : शिक्षण संपल्यावरही पृथ्वीचा प्राचीन इतिहास नव्याने समजून घेता येतो, आणि श्रवण हा त्यासाठी सर्वांत सुलभ मार्ग आहे. आता गरज आहे ती मराठी आशयाची. आकाशवाणीची नागपूर आणि अकोला केंद्रे, विदर्भातील विद्यापीठांचे भूशास्त्र विभाग आणि मराठी ध्वनिपुस्तकांचे प्रकाशक यांनी मिळून पिजदुरा, डोंगरगाव, सिरोंचा, लोणार आणि दख्खनचा लाव्हा यांवर शास्त्रज्ञांनी तपासलेली दीर्घ मराठी मालिका तयार करावी, आणि मेडशीसारख्या प्रत्येक गावच्या वाचनालयाने ती आपल्या सभासदांना ऐकवावी.