दारात जुनी डिझेल गाडी येते तेव्हा...

१ जानेवारी जवळ आली की पुणे-अहिल्यानगर महामार्गाचे, म्हणजे आपल्या जुन्या नगर रोडचे, रूप पालटते. वाघोली, लोणीकंद मागे टाकून पेरणे फाट्याकडे निघालेल्या वाहनांत पूर्वी एस.टी., ट्रक आणि टेम्पो यांचीच गर्दी असे. आता निळा झेंडा लावलेल्या घरच्या गाड्याही मोठ्या संख्येने दिसतात. बहुतेक गाड्या नव्या नसतात. कुणी कारखान्यात राबून, कुणी साफसफाईच्या नोकरीतून, कुणी रिक्षा चालवून पै-पै जमवलेली असते आणि त्यातून दुसऱ्याच्या हातची गाडी दारात आलेली असते. आईवडील पुढे, आजी आणि मुले मागे आणि काचेवर ‘जय भीम’ लिहिलेले. हे दृश्य पाहून कुणाचाही ऊर भरून यावा.

ऊर भरून येण्याला कारण आहे. गाडीत बसणे ही आपल्या समाजासाठी कधीच साधी गोष्ट नव्हती. १९०१ साली लहानगे भीमराव भाऊ आणि भाच्यांबरोबर वडिलांच्या नोकरीच्या गावी निघाले. मसूर स्थानकावर उतरल्यावर त्यांची जात कळताच कुणी बैलगाडी हाकायला तयार होईना. दुप्पट भाडे देऊन आणि गाडी स्वतः हाकून पोरांना पुढचा रस्ता धरावा लागला.

त्यानंतर २८ वर्षांनी, १९२९ मध्ये, चाळीसगाव स्थानकावर याहून गंभीर प्रसंग घडला. बाबासाहेब तेव्हा बॅरिस्टर होते आणि सरकारी समितीचे सदस्य म्हणून दौऱ्यावर होते. तरीही एकही टांगेवाला त्यांचा टांगा हाकायला तयार होईना. आपल्या पाहुण्याने पायी यावे, हे तिथल्या आपल्या लोकांना मान्य नव्हते. शेवटी टांगा भाड्याने मिळाला, पण टांगेवाला आला नाही. ज्याला टांगा हाकण्याची सवय नव्हती अशा आपल्याच माणसाने लगाम हाती घेतला. थोड्याच अंतरावर टांगा मोटारीवर आदळता आदळता वाचला आणि पुढे नदीवरच्या मोरीवर चाक दगडाला धडकले. बाबासाहेब फरसबंदीवर फेकले गेले, त्यांचा पाय मोडला, घोडा आणि टांगा नदीत पडला. ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ या आत्मकथनपर लेखनात त्यांनी हे दोन्ही प्रसंग सांगितले आहेत.

चाळीसगावची आठवण येथे काढण्याचे कारण एवढेच की, मान राखण्याची तळमळ खरी असली तरी लगाम धरण्याची विद्या नसेल तर माणसाच्या जिवावर बेतते. आज गाडी हाकायला कुणी नकार देत नाही. गाडीही आपली आणि चावीही आपली. म्हणून तिची विद्याही आपल्याकडे हवी.

डिझेल कुणाला परवडते?

हल्ली ज्या गाड्यांना मोठी मागणी आहे त्या जीपसारख्या उंच, पण कारसारख्या हलक्या बांध्याच्या असतात. त्यांनाच क्रॉसओव्हर म्हणतात. कोरेगाव भीमाहून त्याच नगर रोडने शिक्रापूर ओलांडून पुढे गेले की रांजणगावची औद्योगिक वसाहत लागते. तिथल्या फियाटच्या कारखान्यात २०१७ पासून टाटा नेक्सॉन आणि जीप कंपास या गाड्या बनू लागल्या. शिरूर तालुक्यातील कामगारांच्या हातून घडलेल्या या गाड्या आता जुन्या बाजारातही येतात. त्यांच्याबरोबर २०१६ ते २०२० या काळातील डिझेलची विटारा ब्रेझा, २०१२ मध्ये आलेली डस्टर आणि फोर्डची इकोस्पोर्ट याही दिसतात. मारुती आणि रेनो यांनी डिझेल गाड्या २०२० मध्ये थांबवल्या, तर फोर्डने भारतातील कारखाने बंद करण्याचा निर्णय २०२१ मध्ये जाहीर केला. त्यामुळे गाडी पसंत करण्याआधी तिचे सुटे भाग आपल्या भागात मिळतात का आणि तिचे काम जाणणारा मिस्त्री जवळ आहे का, याची चौकशी करावी.

डिझेल स्वस्त म्हणून डिझेल गाडी घ्यावी, असे सरसकट सांगितले जाते. बाबासाहेब मुळात अर्थशास्त्रज्ञ होते. रुपयाच्या प्रश्नावरचा त्यांचा ग्रंथ १९२३ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यांच्या अनुयायांनी घरातला रुपयाही मोजूनच खर्च केला पाहिजे.

हिशेबापुरते असे धरू की डिझेल ९० रुपये लिटर आणि पेट्रोल १०५ रुपये. डिझेल गाडी लिटरला १८ किलोमीटर जाते आणि तशीच पेट्रोल गाडी १४. मग १०० किलोमीटरला डिझेलचे ५०० रुपये लागतात आणि पेट्रोलचे ७५०. म्हणजे किलोमीटरमागे अडीच रुपये वाचतात. महिन्याला १,५०० किलोमीटर चालणाऱ्या कुटुंबाचे वर्षाला ४५,००० रुपये वाचतील. ज्यांची गाडी रविवारी विहारात आणि अधूनमधून गावी जाऊन महिन्याला ४०० किलोमीटरच फिरते, त्यांचे वाचतील १२,०००. डिझेलचे नोझल, पंप किंवा टर्बो बिघडला तर ही बचत एका दुरुस्तीत जाते. म्हणून सूत्र सोपे आहे. रोजचा लांबचा प्रवास असेल तर डिझेल घ्यावे. गाडी बहुतेक वेळ दारात उभी राहणार असेल तर पेट्रोल किंवा सी.एन.जी. बरे.

आणखी एक गोष्ट घरातील स्त्री-पुरुषांनी एकत्र बसून ठरवावी. गाडीचा हप्ता आणि मुलांची फी यांत ओढाताण होणार असेल तर गाडी थांबवावी. मुलीच्या कॉलेजची फी थांबवू नये. गाडीच्या किमतीखेरीज पहिल्या वर्षाच्या दुरुस्तीसाठी काही रक्कम बाजूला ठेवता येत नसेल, तर ती गाडी आपल्या ऐपतीबाहेरची आहे असे समजावे.

पाहायला जाताना

डिझेल इंजिनात स्पार्क प्लग नसतो. हवा जोराने दाबली की ती तापते आणि त्या तापलेल्या हवेत डिझेलचा फवारा पेट घेतो. इंजिन झिजले की हा दाब कमी होतो आणि गाडी थंडीत सुरू व्हायला कुरकुरते. म्हणूनच गाडी सकाळी, इंजिन थंड असताना पाहावी. मालकाने ती आधीच सुरू करून गरम ठेवली असेल तर पुन्हा दुसऱ्या दिवशी जावे.

सुरू होताच धुराकडे पाहावे. सतत निळसर धूर म्हणजे इंजिन ऑइल जळते आहे. दाट काळा धूर म्हणजे नोझल, टर्बो किंवा हवेच्या मार्गात दोष असू शकतो. गरम झाल्यावरही पांढरा धूर थांबत नसेल तर सावध व्हावे. चालू इंजिनावर ऑइलचे झाकण उघडल्यावर खालून जोराचे वारे आणि धूर येत असेल तर आतली झीज बरीच झाली आहे.

मीटर मागे फिरवलेले असू शकते. त्यामुळे आकड्यावर न विसंबता सर्व्हिसची पावती-पुस्तके मागावीत. क्लच आणि ब्रेकच्या पायपट्ट्या व स्टिअरिंग किती घासले आहेत, हेही पाहावे. टायरच्या बाजूवर चार अंकी खूण असते. पहिले दोन अंक आठवड्याचे आणि पुढचे दोन वर्षाचे. २३१९ असेल तर टायर २०१९ च्या तेविसाव्या आठवड्यातला. नक्षी चांगली असली तरी पाच-सहा वर्षांपुढचा टायर लांबच्या प्रवासाला भरवशाचा नसतो.

दलालाच्या ओळखीचा नव्हे, तर आपल्या विश्वासाचा मिस्त्री बरोबर न्यावा आणि त्याला त्याच्या वेळेचे पैसे द्यावेत. आपल्याच वस्तीत गॅरेजमध्ये राबणारी हुशार पोरे असतात. त्यांच्या ज्ञानाला मोल देणे हेही समाजकार्यच आहे.

कागद पक्के, तर गाडी आपली

पैसे दिले आणि चावी मिळाली म्हणजे गाडी आपली झाली, असे नाही. आर.सी.वर आपले नाव चढल्यावरच ती आपली. एकाच राज्यातील व्यवहारात विकणाऱ्याने १४ दिवसांत आणि घेणाऱ्याने ३० दिवसांत आर.टी.ओ.ला कळवायचे असते. त्यासाठी २९ आणि ३० क्रमांकाचे फॉर्म लागतात. गाडीवर कर्जाचा बोजा असेल तर बँकेचे ना-हरकत पत्र आणि ३५ क्रमांकाचा फॉर्म घेतल्याशिवाय पूर्ण रक्कम देऊ नये. चेसिस आणि इंजिनचे नंबर कागदाशी स्वतः ताडून पाहावेत. थकलेले चलन, विमा आणि पी.यू.सी. यांची माहिती सरकारच्या परिवहन संकेतस्थळावर पाहता येते.

दिल्ली परिसरात १० वर्षांवरील डिझेल गाड्यांना बंदीचा आदेश राष्ट्रीय हरित लवादाने २०१५ मध्ये दिला. तेव्हापासून तिकडच्या गाड्या इतर राज्यांत स्वस्तात विकल्या जातात. परराज्यातील गाडीला तिकडच्या आर.टी.ओ.चे ना-हरकत पत्र, इकडची नवी नोंदणी आणि कर हे सारे धरून हिशेब केला की स्वस्ताई पुष्कळदा उरत नाही. शिवाय खासगी गाडीची नोंदणी १५ वर्षांची असते. पुढे तपासणी करून नूतनीकरण करावे लागते. गाडीची किती वर्षे शिल्लक आहेत, हे किंमत ठरवताना मोजावे.

विम्याबद्दल तर आपल्या लोकांनी विशेष जागरूक राहिले पाहिजे. १ जानेवारी २०१८ रोजी, कोरेगावच्या लढाईला २०० वर्षे पूर्ण झाली त्या दिवशी, कोरेगाव भीमा आणि सणसवाडी परिसरात दगडफेक व जाळपोळ झाली. अनेक गाड्या फोडल्या गेल्या, जाळल्या गेल्या. कायद्याने सक्तीचा असलेला थर्ड पार्टी विमा अशा वेळी आपल्या गाडीची भरपाई देत नाही. दंगलीतील नुकसान सर्वंकष विम्यात, म्हणजे आपल्या गाडीच्या नुकसानीचाही समावेश असलेल्या विम्यात, धरलेले असते. थोडे पैसे वाचवण्यासाठी नुसता थर्ड पार्टी विमा घेणे आपल्याला परवडणारे नाही. जुन्या मालकाचा विमाही १४ दिवसांच्या आत आपल्या नावावर करून घेण्यासाठी अर्ज करावा. नाव बदललेले नसेल तर आपल्या गाडीच्या भरपाईचा दावा अडतो.

पांढऱ्या पाटीच्या गाडीत भाडे घेऊन माणसे बसवू नयेत. नातलगांनी मिळून डिझेलचा खर्च उचलणे वेगळे आणि सीट भरून भाडे घेणे वेगळे. अशा वेळी अपघात झाला तर विमा कंपनी हात वर करते.

जपणूक रोजची

डिझेल गाडीचे आयुष्य स्वच्छ तेलावर आणि स्वच्छ डिझेलवर चालते. जुनी गाडी घेतल्यावर मालक काहीही सांगो, इंजिन ऑइल, ऑइल फिल्टर, एअर फिल्टर आणि डिझेल फिल्टर एकदा बदलून नवी सुरुवात करावी. पुढे कंपनीच्या पुस्तकात सांगितलेल्या अंतराला किंवा वर्षातून एकदा, जे आधी येईल तेव्हा ऑइल बदलावे. पुस्तकात दिलेल्या दर्जाचेच ऑइल वापरावे.

नव्या पद्धतीच्या इंजिनात डिझेल हजार बारहून अधिक दाबाने नोझलमध्ये जाते. पाण्याचा थेंब किंवा घाण तिथे पोचली की पंप आणि नोझल दोन्ही जातात. त्यामुळे डिझेल फिल्टरमध्ये साचलेले पाणी वेळोवेळी काढावे आणि नेहमीच्या खात्रीच्या पंपावरच डिझेल भरावे. चुकून पेट्रोल भरले गेले तर गाडी सुरूच करू नये. टाकी रिकामी करून घ्यावी.

टर्बोचे पाते मिनिटाला लाखाहून जास्त फेरे घेते आणि ते इंजिन ऑइलवरच तगते. गाडी सुरू केल्याबरोबर जोरात पळवू नये. महामार्गावरून वेगाने आल्यावर लगेच बंद न करता अर्धा-एक मिनिट तशीच चालू ठेवावी. काही इंजिनांना टायमिंग बेल्ट असतो, जसा डस्टरच्या दीड लिटर डिझेलला. तो ठरलेल्या वेळी बदलला नाही आणि तुटला तर इंजिन उघडावे लागते.

२०२० नंतरच्या बी.एस. ६ गाड्यांत काजळी अडवणारी जाळी असते, तिला डी.पी.एफ. म्हणतात. ती साफ होण्यासाठी गाडी अधूनमधून २०-३० मिनिटे सलग मोकळ्या रस्त्यावर चालावी लागते. नुसत्या बाजारहाटाला फिरणारी डिझेल गाडी इथेच आजारी पडते. दिवा लागला तर दुर्लक्ष करू नये आणि जाळी कापून टाकण्याचा सल्ला ऐकू नये. ती काजळी शेवटी आपल्याच मुलांच्या छातीत जाते.

चैत्यभूमी, महाड किंवा सातशे किलोमीटरवरच्या दीक्षाभूमीला निघण्याआधी आठवडाभर ब्रेक, टायर, दिवे, कूलंट आणि स्टेपनी तपासून घ्यावी. पाच जणांच्या गाडीत नऊ जण कोंबू नयेत. मागे बसणाऱ्यांनीही पट्टा लावावा. रात्रभर काम करून आलेल्या माणसाने स्टिअरिंग धरू नये. घरातील मुलींना आणि सुनांनाही गाडी शिकवून परवाना काढून द्यावा, म्हणजे लांबच्या वाटेवर एकाच माणसावर भार येणार नाही. दारू पिऊन गाडी चालवणे तर पंचशीलाचाही भंग आणि कायद्याचाही.

पेरणे फाट्याला येताना प्रशासनाने ठरवलेल्या वाहनतळावरच गाडी लावावी आणि पुढे बसने जयस्तंभाकडे जावे. वाहतूक कुठून वळवली आहे, याची चौकशी निघण्याआधी करावी.

घरात एक वही ठेवावी. तारीख, किलोमीटर, डिझेल, दुरुस्ती आणि विम्याची मुदत हे सारे तिच्यात लिहावे. शाळेत जाणाऱ्या मुलाकडे किंवा मुलीकडे ती वही सोपवावी. सहा महिन्यांनी त्या वहीची पाने उलटली की गाडी आपल्याला पोसते आहे की आपण गाडीला पोसतो आहोत, हे कुणालाही न विचारता कळेल.

जय भीम!