न पाहिलेल्या गेंड्याचें चित्र

मुद्रणकला म्हटली कीं वाचकांच्या डोळ्यांपुढें प्रथम अक्षरें उभीं राहतात. परंतु युरोपांत पंधराव्या व सोळाव्या शतकांत विद्येची जी नवी जागृति झाली, तिला अक्षरांइतकेंच छापील चित्रांनींही पोसलें, ही गोष्ट आपल्याकडे फारशी कोणी लक्षांत घेत नाहीं. चित्रकाराच्या हातचें चित्र एकच. तें ज्याच्या वाड्यांत टांगलें त्याचें. ठशाचें चित्र मात्र शेंकडों घरीं जातें. या कलेचें सामर्थ्य येथेंच आहे, आणि तिचा धोकाही येथेंच आहे.

या कलेचे मुख्य प्रकार दोन. काष्ठठशांत सपाट फळीवर चित्र रेखाटून रेघांखेरीज बाकीचें लांकूड कोरून टाकतात. वर राहिलेल्या रेघांना शाई लागते व त्याच कागदावर उमटतात. ताम्रठशाची रीत अगदीं उलट. तेथें तांब्याच्या गुळगुळीत पत्र्यावर अणकुचीदार कोरणीनें रेघ खोल कोरतात, तींत शाई भरून पृष्ठभाग पुसून घेतात, आणि वर ओलसर कागद ठेवून पत्रा दोन रुळांमधून दाबून काढतात. खांचेंतली शाई कागद ओढून घेतो. काष्ठठसा अक्षरांच्या खिळ्यांबरोबर एकाच यंत्रांत छापतां येतो, म्हणून पुस्तकांत त्याचा प्रसार अधिक. ताम्रठशाची रेघ मात्र केंसासारखी बारीक. ही दुसरी विद्या सोनारांच्या दुकानांत वाढली. आपल्याकडेही राजांचीं दानपत्रें तांब्यावर कोरलीं जात, लांकडी ठशांनीं कापडावर नक्षी उठत असे. पण मराठी मुलखांत तांब्याच्या पत्र्यांवरून गीता छापली गेली ती मिरजेस, इ. स. १८०५ मध्यें.

या दोन्ही प्रकारांत जर्मनींतील न्युरेंबर्गच्या आल्ब्रेख्ट ड्यूररची बरोबरी करणारा पुरुष विरळा. त्याचा जन्म १४७१ सालीं एका सोनाराच्या घरीं झाला. कोरणी धरण्यास तो बापाच्या दुकानांत शिकला व १४८६ मध्यें व्होल्गेमुट नामक चित्रकाराकडे उमेदवार राहिला. १४९८ सालीं त्यानें बायबलांतील प्रलयवर्णनावर पंधरा मोठे काष्ठठसे स्वतःच प्रसिद्ध केले, आणि त्याचें नांव सर्वत्र झालें. त्याची पत्नी आग्नेस जत्रांतून हीं चित्रें विकीत असे. पुढें व्हेनिसच्या बाजारांत मार्कांतोनियो नांवाच्या कोरक्यानें त्याच्या चित्रांच्या नकला त्याच्याच मुद्रेसह विकावयास काढल्या. ड्यूररनें तेथील सरकाराकडे दाद मागितली. मुद्रा वापरूं नये एवढाच निकाल त्याच्या पदरांत पडला, असें वासारी या इटालियन चरित्रकारानें लिहिलें आहे. १५११ सालच्या आपल्या ग्रंथांत मग ड्यूररनें परक्या श्रमाची चोरी करणारांस बादशहाच्या आज्ञेचा धाक घालून ठेविला.

परंतु त्याचें सर्वांत अधिक लोकांनीं पाहिलेलें चित्र आपल्या देशाशीं निगडित आहे. गुजराथच्या सुलतान मुजफ्फरशहानें पोर्तुगीज अधिकारी आल्बुकर्क यास एक गेंडा नजर केला. १५१५ च्या जानेवारींत तो गोव्याहून गलबतांत चढला आणि २० मे रोजीं लिस्बनला उतरला. रोमन साम्राज्याच्या काळानंतर जिवंत गेंडा युरोपांत कोणी पाहिला नव्हता. राजा मान्युएलनें त्याची हत्तीशीं झुंज लावली, हत्ती पळाला! पुढें तो पोपला भेट म्हणून निघाला. पण १५१६ च्या आरंभीं इटलीच्या किनाऱ्याजवळ गलबत बुडालें आणि सांखळीनें जखडलेला तो बिचारा प्राणी त्यासह गेला.

लिस्बनहून एक पत्र व एक रेखाचित्र न्युरेंबर्गला पोंचलें होतें. तेवढ्यावरून ड्यूररनें, गेंडा कधींही न पाहतां, १५१५ मध्यें काष्ठठसा काढला. अंगावर चिलखताचे पत्रे, पायांवर खवले, आणि मानेच्या मागें पिळाचें आणखी एक लहानसें शिंग! चित्रावरील मजकुरांत सालही १५१३ असें चुकीचें छापलें. त्याच वर्षीं आउग्सबुर्गच्या बुर्कमायरनें काढलेला ठसा अधिक खरा होता. त्यांत तें जादा शिंग नाहीं. पण त्याची एकच प्रत आज व्हिएन्नांत उरली आहे, आणि ड्यूररचा ठसा फळीला चिरा व किडीचीं भोंकें पडेपर्यंत पुनःपुन्हा छापला गेला. गेस्नरच्या १५५१ पासून निघालेल्या प्राणिविद्येच्या ग्रंथांतही तोच गेंडा शिरला. मधून एखादा खरा गेंडा युरोपांत येऊन गेला तरी लोकांचा विश्वास ढळला नाहीं. १७४१ मध्यें क्लारा नांवाची गेंड्याची मादी हिंदुस्थानांतून हॉलंडला आली व वर्षानुवर्षें गांवोगांव फिरली, तेव्हां कुठें तें जादा शिंग हळूहळू गळूं लागलें. सव्वादोनशें वर्षें विद्वानांनीं तें पाठीवर वाहिलें!

आपल्या नैयायिकांनीं प्रत्यक्ष आणि शब्द हीं दोन प्रमाणें निरनिराळीं मानिलीं. आम्हांस वाटतें, छापील चित्राची मोहिनी अशी कीं तें असतें शब्दप्रमाण, पण येतें प्रत्यक्षाचा वेष घेऊन. "असें ऐकलें" म्हटलें तर आपण विचारतों, कोणाकडून? चित्र पाहिलें कीं तो प्रश्नच सुचत नाहीं. ड्यूररला दोष देणें बरोबर नव्हे. त्यानें हातीं आलेल्या वर्णनावरून व रेखाचित्रावरूनच काम केलें. दोष पुढच्या नकलाकारांचा, ज्यांनीं त्याच्या हाताच्या कौशल्यालाच साक्ष मानलें. आम्हीं जन्मभर शाळेंत पुस्तकांतलीं चित्रें दाखवून मुलांना शिकविलें, आणि तें साधन उत्तमच आहे. मात्र आज, जेव्हां चित्रें घरांत पाण्यासारखीं वाहत येतात, तेव्हां आईबापांनीं मुलांना एक संवय अवश्य लावावी. चित्र सुंदर आहे, हें आधीं म्हणूं द्यावें; आणि मग शांतपणें विचारावयास शिकवावें कीं, काढणारानें हें स्वतः पाहिलें होतें काय?