तिलिस्माची पाटी

मुलांनो, समजा तुम्ही एका नदीच्या काठी उभे आहात. नदीत पाणी नाही, रक्त वाहत आहे. नदीवर पूल आहे, पण तो दगडाचा नाही, धुराचा आहे. पुलावर पहारा देणारे दोन सिंहही धुराचेच आहेत. अशी नदी पृथ्वीवर कोठेही नाही. ती आहे ‘तिलिस्म-ए-होशरुबा’ या प्रसिद्ध उर्दू दास्तानमध्ये.

दास्तान म्हणजे लांबलचक कथा. पूर्वी दास्तानगो ती तोंडपाठ सांगत आणि लोक रात्र रात्र जागून ऐकत. अमीर हम्जाची दास्तान सर्वांत लोकप्रिय होती. लखनौच्या मुन्शी नवलकिशोर यांच्या छापखान्याने ती एकूण ४६ खंडांत छापली. त्यांपैकी ‘तिलिस्म-ए-होशरुबा’चे प्रकाशन १८८३ साली सुरू झाले. त्याचे पहिले चार खंड मुहम्मद हुसेन जाह यांनी लिहिले आणि पुढचे अहमद हुसेन कमर यांनी पूर्ण केले.

तिलिस्म म्हणजे काय? हा शब्द मूळ ग्रीक भाषेतून अरबीत आला आणि तेथून फारसी व उर्दूत. ताऱ्यांची वेळ साधून दगडावर किंवा धातूवर अक्षरे, आकडे आणि आकृत्या कोरल्या, की त्या वस्तूत विलक्षण शक्ती येते, अशी जुन्या काळी समजूत होती. दास्तानगोंनी या समजुतीतून एक संपूर्ण काल्पनिक जगच उभे केले. त्यांच्या कथेतील जादूगार आपल्या विद्येने एवढे मोठे तिलिस्म बांधतात, की त्यात शहरे, बागा, डोंगर आणि राजवाडे मावतात. तेथे निसर्गाचे नियम चालत नाहीत. पुतळे बोलतात, पक्षी माणसे होतात आणि आत गेलेल्याला बाहेरची वाट सापडत नाही.

परंतु प्रत्येक तिलिस्माची एक किल्ली असते. तिला ‘लौह’ म्हणतात. येथे एक गंमत लक्षात ठेवा. मराठीत लौह म्हणजे लोखंड. उर्दूत मात्र लौह म्हणजे लिहिण्याची पाटी. तिलिस्म तोडणारा वीर ही पाटी ताइतासारखी जवळ बाळगतो. संकट आले, की तो तिच्याकडे पाहतो. तिच्यावर अक्षरे उमटतात आणि पुढे काय करावे ते सांगतात.

पाटी स्वतः काहीच करीत नाही, हे मात्र ध्यानात घ्या. ती फक्त सांगते. वाचायचे वीराने, समजून घ्यायचे वीराने आणि तसे वागायचेही त्यानेच. समजा, वाटेत सुंदर बाग लागली. झाडांना पिकलेली फळे लगडली आहेत. वीराला भूक लागली आहे. त्याने पाटी न पाहता फळ तोडले, की तो फसलाच! तलवार कितीही धारदार असो, अशा वेळी ती उपयोगी पडत नाही. दास्तानमधील शूर पुरुष बहुधा दुबळेपणामुळे फसत नाहीत. पाटी वाचण्याचा आळस केल्यामुळे फसतात.

होशरुबाचा बादशहा अफरासियाब याच्याजवळही लिहिलेली एक वस्तू आहे. ती म्हणजे सामरीची किताब. ती उघडली, की राज्यात कोठे काय घडत आहे ते त्याला कळते. तिलिस्म तोडणे हम्जाचा नातू असद याच्या नशिबी आहे. पण होशरुबाची पाटी कोठे आहे, हे कोणालाच ठाऊक नाही. म्हणजे या कथेत दोन्ही पक्षांचा आधार लिहिलेली अक्षरेच आहेत.

दास्तानगोंना ही कल्पना का सुचली असेल? जरा त्या काळाकडे पाहा. तेव्हा फार थोड्या लोकांना लिहिता-वाचता येत असे. बादशहाचे फर्मान आले, की कोणाला जहागीर मिळे, तर कोणाची जाई. कागदावरच्या चार ओळी आणि खाली शिक्का, एवढ्याने माणसाचे आयुष्य बदलून जाई. ज्याला वाचता येत नसे, त्याला ही जादू वाटली तर नवल काय?

फर्मान, सनद, दस्तऐवज, शिक्का हे शब्द तुम्हांला उर्दूतून ठाऊक आहेतच. ते मराठीतही रुळले आहेत. त्यांच्यातील शक्तीही खरी आहे. एखादा माणूस न वाचता दस्तऐवजावर अंगठा उठवतो आणि पिढ्यान्‌पिढ्या कसलेली जमीन दुसऱ्याच्या नावावर जाते. तेथे कोणी जादूगार नसतो. अक्षरे समोर असतात, पण ती वाचता येत नाहीत, एवढेच.

आता या दास्तानचे पुढे काय झाले ते ऐका. दिल्लीचे मीर बाकर अली हे जुन्या परंपरेतील अखेरचे थोर दास्तानगो मानले जातात. १९२८ मध्ये त्यांचे निधन झाले आणि ही कला जवळजवळ मुकी झाली. सांगणारे गेले, ऐकणारे गेले. परंतु छापलेले खंड उरले. तेही दुर्मीळ झाले होते. उर्दूचे नामवंत समीक्षक शम्सुर्रहमान फारुकी यांनी कष्टाने सर्व ४६ खंड मिळवले, वाचले आणि त्यांवर लिहिले. त्यांच्या प्रेरणेने २००५ मध्ये दिल्लीत दास्तानगोईचे प्रयोग पुन्हा सुरू झाले.

लोकांच्या विस्मरणात गेलेली ती कला जणू एका तिलिस्मातच अडकली होती. ते तिलिस्म मोडले, कारण कोणीतरी पाटी जपली होती आणि कोणीतरी ती वाचली. मुलांनो, उर्दू असो वा मराठी, वाचता येणाऱ्याच्या हाती ही पाटी नेहमीच असते. पाऊल टाकण्यापूर्वी तिच्याकडे पाहायला मात्र विसरू नका.

स्वाध्याय

१. ‘लौह’ या शब्दाचे मराठीत व उर्दूत कोणते अर्थ आहेत?
२. दास्तानमधील शूर पुरुष कशामुळे फसतात?
३. दास्तानगोईची कला पुन्हा कशी सुरू झाली, ते तुमच्या शब्दांत लिहा.
४. उर्दू व मराठी या दोन्ही भाषांत असलेले दहा शब्द शोधा व त्यांचा वाक्यांत उपयोग करा.